उभी ठेवलेली पेनं

सगळी पेनं वाळून दगड झाली आहेत हे ज्या दिवशी कळलं, त्या दिवशी घरात चार लाकडी घोडे उभे होते आणि चौघांनाही डोळे नव्हते.

त्याचं असं झालं. सकाळी स्टोअरकीपरच्या घरची बेल वाजली, दारात चक्रीवाला. बागेत घोड्यांची गोल फिरणारी चक्री आहे, ती त्याची. मोटर जळल्यामुळे चक्री कित्येक महिने बंद पडली होती. आता नवी मोटर बसली होती आणि रविवारी चक्री पुन्हा फिरायची होती. घोडे रंगवायचं काम स्टोअरकीपरच्या बायकोनं घेतलं होतं. ती थोडे थोडे घोडे घरी आणायची, रंगवायची आणि परत पाठवायची. शेवटचे चार आले आणि तीच गेली. तापाचं निमित्त झालं आणि आठवड्यात सगळं आटोपलं. चार घोडे राहिले. अंग रंगवून झालं होतं, आयाळ झाली होती, लगामही झाले होते. डोळे ती नेहमी शेवटी करायची. म्हणायची, आधी डोळे केले की घोडा माझ्याकडे बघत बसतो, मग मला त्याच्या पोटाला रंग लावायची लाज वाटते.

स्टोअरकीपरनं या घोड्यांना आजवर हात लावला नव्हता. फक्त एकाच्या मानेवर तो टॉवेल वाळत घालायचा आणि दुसऱ्याच्या कानात चष्म्याची दोरी अडकवायचा. घरात दुसरं कोणी नव्हतं, त्यामुळे अधूनमधून चौघांना उद्देशून तो हवापाण्याचं काहीतरी बोलायचाही.

चक्रीवाला भला माणूस होता, पण घाईत होता. त्यानं खिशातून एक पुडकं काढलं. त्यात प्लास्टिकचे डोळे होते. मोठे, काळेभोर, हलवले की आतलं बुबुळ इकडून तिकडे पळायचं. मागचा कागद सोलला की चिकटायचे. तो म्हणाला की या चौघांना हे लावून टाकू. पण चौघांचे डोळे प्लास्टिकचे आणि बाकीच्यांचे रंगाचे असं बरं दिसणार नाही, म्हणून सगळ्यांनाच लावतो.

"सगळ्यांना म्हणजे?" स्टोअरकीपरनं विचारलं.

"म्हणजे काकूंनी रंगवलेत त्यांनाही. वरूनच चिकटवायचे. सगळे सारखे दिसतील."

स्टोअरकीपरला सारखेपणाचं वेड. कारखान्याच्या स्टोअरमध्ये त्याची उभी हयात गेली होती, आणि तिथे एक नट दुसऱ्या नटासारखा नसला तर त्याला रात्री झोप लागत नसे. पण आत्ता त्याला दुसरंच दिसलं. तिनं केलेला एकेक डोळा त्या प्लास्टिकखाली जाणार. आणि तो डिंक असा की नंतर काढायला गेलं तर रंग घेऊनच निघणार.

"मी रंगवतो डोळे," तो म्हणाला.

हे वाक्य तोंडातून निघालं आणि त्याचं त्यालाच नवल वाटलं. आयुष्यात त्यानं एकच चित्र काढलं होतं, शाळेत, आंब्याचं. मास्तरांनी त्याला वांगं म्हणून गुण दिले होते.

चक्रीवाल्यानं त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. आज शनिवार, संध्याकाळी टेम्पो घेऊन येतो, तोवर काय ते करा, नाहीतर प्लास्टिक आहेच, असं सांगून तो निघून गेला.

मग स्टोअरकीपर तिच्या कोपऱ्याकडे वळला. तिथली पेनं म्हणजे साधी लिहायची पेनं नव्हेत, रंगाची पेनं. आत रंग, तोंडाशी स्केचपेनसारखं नमद्याचं टोक, आणि पोटात एक छोटी गोळी. पेन हलवलं की ती गोळी खुळखुळते आणि रंग ढवळला जातो. बायकोच्या हयातीत या घराचा आवाज म्हणजे तो खुळखुळाट. ती पेनं एका पसरट ट्रेमध्ये लोळत असायची, कुठलं कुठेही, लालच्या अंगावर पिवळं, पिवळ्याच्या अंगावर काळं. त्याला ते बघवत नसे. तो म्हणायचा, हा काय पसारा, उभी करून ठेव. ती म्हणायची, झोपू दे त्यांना, दमतात.

ती गेल्यावर घर आवरायचं म्हणून त्यानं सगळ्यात आधी काय केलं असेल, तर ती सगळी पेनं पेल्यांमध्ये उभी केली. टोपण वर, नाव बाहेरच्या बाजूला, फिकटपासून गडदपर्यंत. शिस्तीत. केल्यावर त्याला त्या दिवशी जरा बरंही वाटलं होतं.

आता त्यानं पांढरं पेन उचललं, हलवलं. गोळीचा आवाज नाही. टोपण काढून कागदावर ओढलं. कागद कोरा. काळं घेतलं, तेच. तपकिरी घेतलं, तेच. सगळी पेनं एकामागून एक, ओळीत उभ्या शिपायांसारखी, मेलेली.

त्यानं मेव्हणीला फोन लावला.

मेव्हणी ही बायकोची धाकटी बहीण. तिला घरात सगळे छोटी म्हणत. आता छोटीची पन्नाशी उलटली होती, दारातून ती जरा तिरकी होऊन आत यायची, पण नाव तेच. तिचं ब्युटी पार्लर होतं. ती पार्लरची बॅग खांद्याला लावूनच आली, पेल्यांकडे पाहिलं आणि दारातच थांबली.

"भावोजी, ही उभी कोणी केली?"

"मीच. वस्तू उभीच ठेवतात."

"रंग जड असतो हो. खाली बसतो. टोक वर कोरडं पडतं आणि गोळी खाली रंगात रुतते. माझ्या नेलपॉलिशच्या बाटल्यांचं तसंच होतं. ताईनं कधी सांगितलं नाही?"

"सांगितलं. म्हणाली, झोपू दे त्यांना."

"मग?"

"मला वाटलं, लाडानं म्हणतेय."

छोटीनं कपाळाला हात लावला. मग तिला हसू फुटलं. ते आवरायला तिनं पदर तोंडाशी धरला, पण ते नाकावाटे बाहेर आलं. स्टोअरकीपरला राग यायला हवा होता. आला नाही.

छोटीनं कामाला सुरुवात केली. पार्लरमध्ये घट्ट झालेल्या बाटल्या ती तळव्यांमध्ये घोळवून सैल करते, तसं आधी करायचं ठरलं. पेनं कोमट पाण्यात टोपणासकट आडवी घातली, पुसली आणि दोघं समोरासमोर बसून एकेक पेन तळव्यांत घोळवू लागले. पाहणाऱ्याला वाटलं असतं की दोघांना फार थंडी वाजते आहे. बराच वेळ घोळवल्यावर हलवून पाहिलं. गोळी हलायला तयार नाही. मग दोन्ही हातांत दोन दोन पेनं घेऊन दोघं उभ्या उभ्या हलवायला लागले. छोटीच्या बांगड्या तेवढ्या वाजत होत्या, आणि प्रत्येक वेळी स्टोअरकीपरला वाटायचं की गोळी सुटली.

"बांगड्या काढ," तो म्हणाला.

"निघत असत्या तर कशाला," छोटी म्हणाली.

दम लागल्यावर दोघं खाली बसले. तेवढ्यात छोटीला कल्पना सुचली. तिची कपडे धुवायची मशीन पिळायला लागली की शेजारच्यांच्या भिंतीवरचं घड्याळ पडतं. ताईचीही तीच कंपनी. मशीनवर ट्रे ठेवायचा, त्यात पेनं आडवी, वरून टॉवेल घट्ट बांधायचा आणि मशीन पिळायला लावायची. हात कशाला दुखवायचे?

स्टोअरकीपर म्हणाला की मशीन रिकामी फिरवायची नसते, तसं पुस्तिकेत आहे. मग त्यानं कपाटातून धुतलेल्या, घडी केलेल्या चादरी काढल्या, नळाखाली भिजवल्या आणि मशीनमध्ये टाकल्या. धुतलेल्या चादरी केवळ मशीनला काम मिळावं म्हणून भिजवणारा माणूस छोटीनं पहिल्यांदाच पाहिला.

मशीन आधी घुरघुरली, मग थरथरली, मग सुटली. चादरी एका बाजूला गोळा झाल्या असाव्यात, कारण मशीन नाचत नाचत भिंत सोडून पुढे निघाली. छोटीनं तिला पुढून मिठी मारली. स्टोअरकीपर ट्रे धरून मशीनबरोबर चालायला लागला. अशी ती वरात न्हाणीघराच्या दारापर्यंत आली, आणि तिथे वायर संपली म्हणून प्लग सुटला. मशीन एकदम गप्प झाली.

त्या शांततेत ट्रेमधून आवाज आला. टक.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. स्टोअरकीपरनं टॉवेल सोडला, काळं पेन उचललं आणि कानाशी नेऊन हलवलं. खुळखुळ. त्यानं ते छोटीच्या कानाशी हलवलं. तिनं मान डोलावली आणि डोळे पुसले. मग तपकिरी. मग पांढरं. घरात कित्येक महिन्यांनी तो आवाज झाला. स्टोअरकीपर पांढरं पेन हलवत एका खोलीतून दुसऱ्या खोलीत गेला आणि परत आला. कशाला गेला होता ते त्याला सांगता आलं नसतं.

पण रंग सुटला तरी टोकं वाळलेली. खरं घोडं तिथे अडलं होतं. छोटीनं भुवया कोरायचा चिमटा काढला आणि टोकं उपटायला सुरुवात केली. कितीतरी टोकं दोन्हीकडून सारखी असतात, मागची बाजू मऊ असली तर उलटी बसवून काम भागतं. ज्यांची मागची बाजूही कडक होती, त्यांच्यासाठी छोटीनं नेलपॉलिश काढायचा द्रव काढला, डोळ्यांना लागणाऱ्या तीन रंगांची टोकं काचेच्या वाटीत भिजत घातली आणि बाकीची सगळी एका प्लास्टिकच्या कपात.

इथे चूक झाली. पेनं दोन जातींची होती, काही तेलाच्या रंगाची आणि काही पाण्याच्या. पाण्याच्या पेनांची टोकं कोमट पाण्यात भिजवायची असतात. ती त्या द्रवात पडली आणि चघळलेल्या डिंकासारखी एकमेकांना चिकटली. आणि हे दोघं त्या डिंकाकडे बघत असताना कपाचा तळ हळूच मऊ झाला, बसला आणि टेबलावर पसरला. कप होता तिथे एक पांढरी पुरी झाली. त्या पुरीत लाल, निळं, हिरवं, सगळं गेलं.

स्टोअरकीपरनं टेबलाचा डाग पाहिला. एरवी अशा डागासाठी त्यानं चार दिवस तोंड फुगवलं असतं.

"घोड्यांचे डोळे निळे असतात का?" त्यानं विचारलं.

"नाही बहुतेक."

"मग गेलं ते गेलं."

काळ्या, तपकिरी आणि पांढऱ्याची टोकं तेलाची होती, आणि ती काचेच्या वाटीत होती. ती भिजून मऊ झाली. पुसून पुन्हा बसवली. आता टोक कागदावर दाबायचं आणि सोडायचं, म्हणजे रंग खाली उतरतो. हे कागदावरच करायचं, कामावर करायचं नाही, एवढं स्टोअरकीपरला बायकोकडे बघून बघून ठाऊक होतं. त्यानं दाबलं. रंग येईना. पुन्हा दाबलं. येईना. रंग कुठे अडलाय हे बघायला त्यानं पेन उलटं करून डोळ्यांसमोर धरलं आणि अंगठ्यानं टोक दाबलं.

पांढऱ्या रंगाची पिचकारी त्याच्या चष्म्यावर बसली.

"आला," तो म्हणाला. बाकी त्याला काहीच दिसत नव्हतं.

छोटी जमिनीवर बसली. बसली म्हणजे हसता हसता खाली घसरली.

त्यात स्टोअरकीपरनं आणखी एक हुशारी केली होती. ओल्या रंगावर धूळ बसू नये म्हणून सगळ्या खिडक्या गच्च लावून घेतल्या होत्या. तेलाच्या रंगाचा वास, वर नेलपॉलिशच्या द्रवाचा वास, आणि दुपारचं ऊन काचेवर. दोघांची डोकी हलकी झाली होती आणि ते दोघांच्याही ध्यानात आलं नव्हतं. त्यांना आपण सुखात आहोत एवढंच वाटत होतं.

पहिला घोडा लाल होता. स्टोअरकीपरनं चष्मा जेमतेम दिसेल इतका पुसला, श्वास रोखून पांढरा बदाम काढला, थांबला, त्यात तपकिरी गोल भरला, थांबला, मधे काळा ठिपका दिला. शेवटी पांढऱ्याचा एक थेंब. तो थेंब पडला आणि घोडा बघायला लागला. स्टोअरकीपर एक पाऊल मागे सरला. घोड्याचा चेहरा असा झाला होता, जणू त्याला कोणीतरी येऊन सांगितलं की तू घोडा आहेस आणि त्याला हे आजवर माहीतच नव्हतं.

दुसऱ्याच्या वेळी रंग ओघळला. ओघळ लपवायला स्टोअरकीपरनं वरून जाड पापणी दिली, तर घोडा जेवून सुस्तावलेला दिसायला लागला. तिसऱ्याचा डोळा फार खाली उतरला, जवळजवळ गालावर. तो घोडा स्वाराच्या चपला चोरायच्या विचारात असावा असा दिसे. आणि चौथा छोटीनं घेतला. आयुष्यभर नवऱ्यामुलींचे डोळे रंगवलेला हात तो, थांबतो कसला. तिनं काजळाची लांब रेघ ओढली, पापण्यांचे केस एकेक काढले आणि कोपऱ्यात वर टोक नेलं. घोडा लग्नाला निघाला.

"याला ओठ पण रंगवू का?" छोटीनं विचारलं.

"लाल पेन वितळलं," स्टोअरकीपर म्हणाला, आणि हे वाक्य दोघांना इतकं विनोदी वाटलं की छोटीनं घोड्याच्या गळ्यात हात टाकला आणि स्टोअरकीपर टेबलाला धरून उभा राहिला.

अशा अवस्थेत चक्रीवाला टेम्पो घेऊन आला. बेल वाजलेली कोणाला कळली नाही, दाराला आतून कडी नव्हती. आत येऊन बघतो तर चष्म्यावर चुना फासल्यासारखा एक म्हातारा, कोपरापर्यंत काळी झालेली एक बाई, न्हाणीघराच्या दारात अडकलेली मशीन आणि दोघंही पोट धरून हसतायत. घरात एक माणूस गेलेलं, त्यामुळे तो गंभीर चेहरा करून आला होता. तो चेहरा कुठे ठेवावा हे त्याला कळेना. मग वास त्याच्या नाकात गेला. त्यानं आधी धावत जाऊन सगळ्या खिडक्या उघडल्या आणि दोघांना ओढत बाल्कनीत नेऊन बसवलं.

वारा लागला, पाणी प्यायले, डोकी ठिकाणावर आली. स्टोअरकीपरनं चष्मा पुसला. आत चार घोडे रांगेत उभे होते आणि बाल्कनीच्या दाराकडे बघत होते. आता शुद्धीवर पाहताना ते त्याला भयंकर वाटले. त्या डोळ्यांत बायकोच्या हाताची खूणही नव्हती. त्याचं हसू मावळलं.

चक्रीवाला आत गेला. त्यानं लाल घोड्याच्या डोळ्यावर प्लास्टिकचा डोळा धरून पाहिला. घोड्याला मोतीबिंदू झाल्यासारखा दिसला. हात काढला. पुन्हा तो आश्चर्यचकित डोळा. चक्रीवाल्याचे खांदे हलायला लागले. त्याची पाठ होती, म्हणून बाहेर बसलेल्यांना आधी वाटलं की तो रागावलाय.

"रविवारी असेच फिरवतो," तो बाहेर येऊन म्हणाला. "पोरं हसली तर राहू देतो. रडली तर सोमवारी सगळ्यांना प्लास्टिक. काकूंच्याही. माझा धंदा आहे, काका."

स्टोअरकीपर म्हणाला, बरोबर आहे. छोटी म्हणाली, तुमचं ते प्लास्टिक एखाद्या पोरानं उपटून गिळलं तर मग बघा धंदा. चक्रीवाल्यानं पुडकं खिशात जरा खोल सरकवलं.

रविवारी बागेत स्टोअरकीपर इस्त्रीचा सदरा आणि टोपी घालून गेला. तो कधी या चक्रीकडे आलाच नव्हता. बायको कितीदा म्हणाली होती, माझे घोडे बघायला या, आणि दर वेळी काहीतरी निघायचं. आता त्यानं एकेक घोडा पाहिला. कोणाचा डोळा भित्रा, कोणाचा लबाड, एक तर हुबेहूब छोटी चिडल्यावर बघते तसा. आणि एक राखाडी घोडा मान ताठ करून असा बघत होता, जणू विचारतोय, सगळं जागच्या जागी आहे ना.

"हा कोण ओळखलात का?" छोटीनं विचारलं.

"कोण?"

"अहो, स्टोअर बघतोय तो."

स्टोअरकीपर त्या घोड्याकडे बराच वेळ बघत राहिला. घोडाही त्याच्याकडे तसाच बघत राहिला. दोघांपैकी कोणीच नजर खाली घेतली नाही.

फाटक उघडलं. पोरं आत घुसली. एक मुलगी पळत आली, लाल घोड्यासमोर थांबली, आ वासून त्याच्याकडे बघितलं आणि त्याच्यासारखेच डोळे करून आईला दाखवलं. मग हसली. मग तिचा भाऊ हसला. मग चपलाचोर घोड्यावरून दोन भावंडांची मारामारी झाली आणि त्यात नटलेला घोडा तिसरीच मुलगी घेऊन बसली. सुस्तावलेल्या घोड्यासाठी तर रांग लागली. कोणीतरी त्याच्या कानात ओरडत होतं, उठ. राखाडी घोड्यावर कोणी आरडाओरडा केला नाही, त्याच्यावर बसणारी पोरं का कोण जाणे सरळ बसत होती. चक्रीवाला तिकिटं फाडत होता. त्यानं एकदा मान वळवून पुडकं खिशातून काढलं आणि तिकिटांच्या पेटीखालच्या कचऱ्याच्या डब्यात टाकलं. स्टोअरकीपरनं ते पाहिलं. त्याला एकदम फार उकडल्यासारखं झालं.

गर्दी जरा ओसरल्यावर छोटीनं त्याला ढकलून चक्रीवर चढवलं. तो नको नको म्हणत लाल घोड्यावर बसला. घंटा झाली. चक्री फिरली. आधी झाडं सावकाश सरकली, मग बाकं, मग छोटी, मग पुन्हा झाडं, पुन्हा छोटी, आणि दर फेरीला छोटी काहीतरी ओरडत होती आणि त्याला अर्धंच ऐकू येत होतं. घोडा वर गेला की तो त्याची मान घट्ट धरायचा, खाली आला की टोपी जाते की काय असं वाटायचं. तो मोठ्यानं हसत होता हे त्याला चक्री थांबल्यावर कळलं, कारण तेव्हाही तो हसतच होता.

उतरला तर जमीन जागेवर नव्हती. तोल गेला आणि त्यानं घोड्याच्या मानेला मिठी मारली. पण उतरला होता तो चुकीच्या बाजूनं, चक्रीच्या मधल्या खांबाकडे. तिथून त्यानं घोड्याच्या तोंडाकडे पाहिलं. त्या बाजूला डोळा नव्हता. नुसता लाल गाल. तो भेलकांडत पुढच्याकडे गेला, मग त्याच्या पुढच्याकडे. चारही घोड्यांचं तेच. घरी चारही घोडे भिंतीला लावून उभे केले होते, एका रांगेत, एका बाजूला तोंड करून, आणि भिंतीकडची बाजू कोणाच्या ध्यानातच आली नाही. ना त्याच्या, ना छोटीच्या, ना चक्रीवाल्याच्या.

चक्रीवाला धावत आला. त्याला वाटलं, काकांना चक्कर आली. स्टोअरकीपरनं त्याला नुसतं बोट दाखवलं. चक्रीवाल्यानं पाहिलं, डोकं खाजवलं आणि म्हणाला की ही बाजू खांबाकडे असते, कोणाला दिसत नाही, राहू द्या. स्टोअरकीपर बायकोच्या घोड्यांकडे गेला. तिच्या प्रत्येक घोड्याला दोन्हीकडे डोळे होते. आतल्या बाजूच्या डोळ्यातही पांढरा थेंब होता.

छोटीला सांगितलं तर ती बाकावरच आडवी झाली हसत. सोमवारी चक्री बंद असते, तेव्हा येऊ म्हणाली, या वेळी खिडक्यांचा प्रश्न नाही. सोमवारी ते गेले, पण पांढऱ्या पेनाचा रंग संपला होता. दुकानदार म्हणतो, नवं पेन पुढच्या आठवड्यात येईल. काळं आणि तपकिरी ट्रेमध्ये आडवी पडून आहेत. टेबलावरचा डाग तसाच आहे. चार घोड्यांचे आतल्या बाजूचे डोळे अजून व्हायचे आहेत.